दोर नवलआबांनी ओढला

पाळण्यातली बाई दर फेरीला एकदा हसायची. रेकॉर्ड केलेलं हसू होतं, त्यामुळे तिला कधी ठसका लागला नाही, की कंटाळा आला नाही.

"नमस्काऽऽर! जलविहार रोपवेमध्ये आपलं मनःपूऽर्वक स्वागत! आपल्या डाव्या हाताला दिसतोय तो खडकवणचा निळाशाऽऽर जलाशय..." एवढं झालं की बासरी. बासरी संपली की बाईचा आवाज लाडात यायचा, दाताला गूळ चिकटल्यासारखा. "आणि आता ऐका एक गंऽमत! ह्या रोपवेच्या उद्घाटनाच्या दिवशी गावातल्या एका भोळ्या भगताला वाटलं, ही बैलगाडीच आहे! त्याने पाळण्याला हळद लावली, सहा जणांच्या पाळण्यात अख्खं गाव कोंबलं, आणि पाळणा रुसून बसला की हो हवेतच! हा हा हा!"

हे "हा हा हा" नेमकं कुठे पडायचं, तर नवलआबांच्या पत्र्यावर. रोपवेचा दोर त्यांच्या घरावरून जातो. पाळण्याच्या खिडक्या उघड्या असतात, सहलीची पोरं खिदळत असतात, आणि खाली अंगणात आबा दात घासत असोत, जेवत असोत की बैलाच्या गळ्यातली घंटी नीट करत असोत, वरून बाई हसायची. सकाळपासून संध्याकाळपर्यंत. एक पाळणा वर जाताना आणि दुसरा खाली येताना, दोन्हींत.

आमचं घर त्यांच्या घराला लागून. भिंत एकच, त्यामुळे आबांचा राग मी लहानपणापासून भिंतीतून ऐकत आले. पण दिवाळीपासून जो ऐकला तसा कधीच नाही. पाळणा जवळ आला की आबा वर न बघताच सांगायचे, "उनी दख ती. आते हसी." आणि बाई हसली की हातातलं असेल ते आपटायचे. "भोळा म्हणस! भोळा तुना बाप!"

ताईबाई, म्हणजे आबांची बायको, चुलीपुढून ओरडायची, "अहो, ती मशीन शे. तिले बाप नही."

"तिना आवाज भरणारले तं शे ना!"

त्या भरणाऱ्याचं नाव कुंदन सर. जळगावहून आलेला मॅनेजर. कंपनी मागच्या वर्षी दुसऱ्या मालकाकडे गेली, दिवाळीत नवे बोलके पाळणे आले, आणि बोलायचं काय हे कुंदन सरांनी एसी केबिनमध्ये बसून ठरवलं.

आता खरं काय झालं होतं ते सांगते. गावात कुणालाही विचारा, सगळे हेच सांगतील, फक्त आवाज वेगवेगळे.

खडकवण भडगावपासून मोटरसायकलनं तासाभरावर, जिथं रस्ता संपून डोंगर सुरू होतात तिथं. धरण झालं, पाणी साचलं, पाण्याकाठी हॉटेल आलं. समोरच्या डोंगरावर खंडेरावाचं ठाणं. पायवाट इतकी उभी की भडगावच्या जाडजूड पाहुण्यांना देव खालूनच पावायचा. मग मोतीलालशेठ नावाचे कंपनीवाले आले. वर टॉवर उभे राहिले, खाली मोटर बसली, ट्रकवरून पोलादी दोराचं रीळ आलं, आणि तिथंच सगळं अडलं. जाड दोर वर न्यायचा तर आधी बारीक दोर वर हवा, त्याला बांधून त्याहून जाड, मग त्याहून जाड. हे ओढायचं यंत्र वर न्यायला रस्ता नव्हता. यंत्र खाली, डोंगर वर. साहेब लोक पाण्याकाठी खुर्च्या टाकून डोंगराकडे बघत बसले. अशात माघ पौर्णिमेची जत्रा आली.

आमच्या जत्रेत बारागाड्या ओढतात. बारा गाड्या एकामागे एक बांधायच्या, वर माणसं अशी गच्च बसवायची की चाकं दिसू नयेत, आणि पुढे एकटा भगत. अंगभर हळद, कमरेला दोर. त्याला दोन्ही बाजूंनी धरून पळणारे बगले. भगत पुढच्या गाडीला हळद लावतो, वर तोंड करून खंडेरावाचा जयकार करतो, आणि जयकार झाला की गाड्या हलतात. गाडीत बसलेल्याची साडेसाती उतरते म्हणतात, म्हणून आया तान्ही लेकरंसुद्धा वर फेकतात. आमच्या गावचा भगत म्हणजे नवलआबा. त्यांचा एक बगल्या त्यांचा मेव्हणा अभिमनमामा, दुसरा वना.

मोतीलालशेठनी ते बघितलं. दुसऱ्या दिवशी आबांच्या ओट्यावर येऊन बसले. अभिमनमामा शेठचा आवाज मस्त काढतो, नाकातून, "नवलभाऊ, बारा गाड्या ओढतोस, माझा एक दोर नाही ओढणार?"

ताईबाई म्हणते, "मी सांगं त्यास्ले, अहो, हाऊ खंडेरावना गाडा नही, शेठना दोर शे. तं माले म्हणतस, डोंगर तं खंडेरावनाच शे ना?"

झालं. आबांनी उपास धरला. अनवाणी निघाले. कमरेला दोर, मागे गावची निम्मी माणसं खांद्यावर दोर घेऊन, एकामागे एक. बारीक दोर गेला. मग जाड. मग आणखी जाड. तिसऱ्या दोराच्या वेळी वळणावर दोर मागे सरकला आणि वनाचा पाय दगड आणि दोराच्या मध्ये सापडला. वना पुढे मरेपर्यंत लंगडला. आबांच्या कमरेवर अजून वण आहे, पट्टा बांधल्यासारखा. आंघोळीला बसले की आम्हाला दिसतो. पाळण्यातून बघितलं तर तुम्हालाही दिसेल, पण तुम्ही त्या वेळी डावीकडचा निळाशाऽऽर जलाशय बघत असता.

शेठनी शब्द दिला होता, पहिला मान तुमचा. उद्घाटनाच्या दिवशी मोठा पाहुणा यायचा होता, तो येईना. शेठ म्हणाले, तोवर भगताच्या हातून पूजा उरकून घेऊ. आबांनी पाळण्याच्या दाराला हळद लावली, नारळ फोडला. आता भगतानं हळद लावली की पुढे काय करायचं हे आमच्या गावात रांगत्या पोरालाही कळतं. बाया, म्हातारे, लेकरं, सगळे पाळण्यात घुसले. शेठचा फोटोवाला उलट ओरडत होता, "भरा, भरा, फोटो भरलेला दिसू द्या!" आबा दाराबाहेर उभे. त्यांनी सवयीनं वर तोंड केलं आणि जयकार ठोकला.

बटणावर बसला होता अभिमनमामा. कंपनीनं त्याला शिकवून तयार केलं होतं, हिरवा दिवा लागल्याशिवाय बटणाला हात लावायचा नाही. पण मामा जन्माचा बगल्या. भगताचा जयकार कानावर आला आणि बसून राहिला, असं त्याच्या अंगात कधी झालंच नव्हतं. "मनी काहीच चूक नही," मामा अजून म्हणतो. "मी दिवा दखतच व्हतू. हातच ऐकना नही."

पाळणा निघाला, तळ्यावर गेला, आणि मोटरनं मान टाकली. वर लेकरं रडतायत, खाली त्यांच्या आया. शेवटी इंजिनीयरनं ब्रेक मोकळा करून दिला आणि म्हणाला, आता हातानंच मागे ओढावं लागेल. कुणी ओढलं? परत तेच. पुढे आबा, मागे गाव. सगळे सुखरूप उतरले, मोठा पाहुणा तेव्हा पोचला, आणि मोतीलालशेठ पेपरवाल्यांना सांगायला लागले, "एका भगताच्या अंधश्रद्धेमुळे हा प्रकार घडला."

चूक अख्ख्या गावाची होती. फोटोवाल्याचीही होती. नाव एकट्या भगताचं लागलं. आणि आता कुंदन सरांनी त्याचा विनोद केला.

एक प्रथा मात्र त्या दिवसापासून पडली ती पडलीच. रोपवेवर कामाला सगळी आमच्याच गावची माणसं. जत्रेच्या दिवशी पहिला पाळणा आबांनी हळद लावून दाराबाहेरून जयकार केल्याशिवाय अभिमनमामा सोडत नाही. त्या दिवशी सगळे वाचले ते आबांच्या कमरेमुळे, असं मामाचं म्हणणं. कंपनीनंही कधी अडवलं नाही. उलट जाहिरातीत फोटो छापला, खाली "स्थानिक परंपरा".

जत्रा तोंडावर आली तेव्हा आबा ऑफिसात निघाले. ताईबाईनं मला भिंतीवरून हाक मारली, "दिपमाला, जाय व माय त्यासना संगे. कोनले हाणतीन."

कुंदन सर उठून उभे राहिले. "या या आबा! बसा ना. चहा की कॉफी?"

"ती बाई बंद कर."

"कोण बाई?"

"पाळणामा हसस ती."

"अच्छाऽ, आपली कॉमेंट्री!" कुंदन सर खुर्चीत मागे रेलले. त्यांचं दर वाक्य 'पॉइंट काय आहे' पासून सुरू होतं, आणि पॉइंट कधीच येत नाही. "पॉइंट काय आहे आबा, पब्लिकला स्टोरी लागते. लोक खूष होतात. गावाचं नाव होतं. आणि आम्ही तुमचं नाव कुठे घेतलंय? फक्त 'भोळा भगत' म्हटलंय."

"गावमा भगत कितला शेत?"

"म्हणजे?"

"एकच शे. मी शे."

कुंदन सरांनी माझ्याकडे बघितलं. मी चेहरा कोरा ठेवला, त्यात माझा हात कुणी धरणार नाही.

"पॉइंट काय आहे आबा, ते इनसल्ट नाहीये. ते ह्युमर आहे."

"मंग तुना बापना नावनं कर ना ह्युमर! आम्हनी हसी व्हस, तुनी तिकिटं इकातस!" आबांनी टेबलावर थाप मारली, पेनाचा डबा उलटला. "मी दोर वढा ते कोठे शे तिना तोंडमा? वनाना पाय कोठे शे?"

"कोण वना?" कुंदन सर म्हणाले.

आबांनी उलटलेला पेनाचा डबा उचलून हातात घेतला. मला वाटलं आता हाणतात. कुंदन सरांनाही वाटलं असावं, कारण ते घाईघाईनं म्हणाले, "ओके, ओके. काढून टाकतो. पूर्ण पॅराच काढतो. मग तर झालं?"

दोन दिवसांनी नवं रेकॉर्डिंग आलं. आम्ही अंगणात जमलो. पाळणा वर आला. नमस्काऽऽर झालं, जलाशय झाला, बासरी झाली. आबा हातातली भाकरी तशीच धरून बसले. बाई बोलायला लागली, ह्या खेपेला शाळेच्या बाईसारखी, "अत्याधुनिक यंत्रसामग्रीच्या साहाय्याने हा पोलादी दोर डोंगरमाथ्यावर नेण्यात आला. हा तांत्रिक चमत्कार पाहण्यासाठी आजही दूरदूरून पर्यटक येतात." आणि परत बासरी.

हसणं नव्हतं. ताईबाई खूष झाली. "संपनं व माय! गयं ते हसणं!"

"गप," आबा म्हणाले. "आखो एक येऊ दे."

दुसरा पाळणा उतरताना त्यांनी पुन्हा सगळं ऐकलं. मग ताट बाजूला सरकवलं.

"यंत्र? कोनतं यंत्र? मनी कंबर यंत्र शे का?" ते उभे राहिले. "जवय हसे, तवय मी तठे व्हतू तरी. आते मी नहीच! वना नही, कोनीच नही! बठ्ठा पुसी टाकात!"

त्यांचं ते ताट ताईबाईनं तसंच झाकून ठेवलं.

जत्रेच्या सकाळी खाली स्टेशनपासून धरणाच्या भिंतीपर्यंत रांग लागली. एरंडोल, पाचोरा, पार धुळ्यापासून माणसं. पाळण्याला हार घातलेला. अभिमनमामा बटणापाशी हाताची घडी घालून बसलेला. आबा मात्र अंगणात खाटेवर. हळद कालवलेली नाही, धोतर बदललेलं नाही.

आधी कंपनीनं पाचोऱ्याहून एक गुरुजी आणले. त्यांनी मंत्र म्हटले, नारळ फोडला, दक्षिणा घेतली. अभिमनमामा जागचा हलला नाही.

"अहो, झाली ना पूजा," कुंदन सर म्हणाले.

"झायी. पन जयकार नही ऐकू उना."

"मी करतो जयकार!" आणि कुंदन सरांनी खरंच केला. आमच्या गल्लीतली कोंबडी त्याहून जोरात ओरडते. रांगेतले लोक हसले. मामानं कान पुढे केल्यासारखं केलं आणि परत हाताची घडी.

मग कुंदन सर घामाघूम होऊन आमच्या गल्लीत आले. आबांनी त्यांच्याकडे पाठ केली, म्हणून ते माझ्याकडे वळले, अगदी हळू आवाजात. "दिपमाला बेटा, तू आवाज छान काढतेस म्हणे. आबांचा जयकार येतो तुला? पॉइंट काय आहे, माईकवरून एकदाच. कुणाला कळणारसुद्धा नाही. वर्षभर रोपवे फ्री."

मला तो जयकार येतो. असा येतो की आबांचा बैलसुद्धा मान वर करतो. पण मला त्या क्षणी इतका राग आला की तोंडातून आवाज निघाला तो कुंदन सरांचाच, तस्साच, खुर्चीत रेलल्यासारखा. "पॉइंट काय आहे सर, पब्लिकला ओरिजिनल लागतं!"

ताईबाई पदर तोंडात कोंबून घरात पळाली.

कुंदन सरांचे कान लाल झाले. ते थेट खाटेसमोर जाऊन उभे राहिले. "आबा, हजारो माणसं उन्हात उभी आहेत. लेकरं आहेत. काय पाहिजे तुम्हाला? शाल? सत्कार? स्टेजवर बोलावतो."

"शाल नको. पाळणाले खरं बोलाले लाव."

"उद्या रेकॉर्ड करू. शब्द देतो."

"शब्द माले शेठनी बी दिधा व्हता. आत्ते."

"आत्ता कसं होणार? स्टुडिओ जळगावला आहे."

"तुना खिसामा फोन शे का नही?"

कुंदन सरांनी फोन काढला. तोंड असं, जणू फोनबरोबर दातही काढून देतायत. "बोला. पण थोडक्यात. अर्धा मिनिट."

आबा खाटेवरून उठले, सदऱ्याची बटणं लावली. फोनला कुणी दिसत नाही हे त्यांना सांगायची हिंमत आमची झाली नाही. आणि ते बोलायला लागले. माझ्यासारख्या नकला करणारीलाही एक शब्द बदलावासा वाटला नाही.

"मी नवल भगत बोली राहिनू. हाऊ दोर यंत्रनी नही, आम्ही वर लई गवूत. पुढे मी व्हतू, मांगे वना व्हता, अभिमन व्हता, तोताराम व्हता..." मग नावंच नावं. मेलेली माणसं, जिवंत माणसं, सुरतेला निघून गेलेली. कुंदन सर मध्येच बोटानं 'आवरा' म्हणत होते. आबांनी त्यांच्या बोटाकडे बघितलंसुद्धा नाही. "वनाना पाय ह्याच दोरखाले गया. तो जनमभर लंगडना. कोन्ही इचारं नही." मग एक श्वास. "आनि उद्घाटनले आम्ही चुकनूत. मी हळद लाई, लोके बसनात, मी जयकार करा, मेव्हणानी बटण दाबं. पाळणा अटकना. हसणं व्हई तं हसा. पन त्याले मांगे कोनी वढा ते बी ऐका. आम्हीच वढा."

"झालं?" कुंदन सर म्हणाले.

"झायं."

"तो चुकीचा भाग काढू का? उगाच तुमचीच..."

"हात लाई दख त्याले!"

आबांनी तेव्हा हळद कालवली. आम्ही सगळे त्यांच्या मागे स्टेशनवर गेलो. पोरांनी कुंदन सरांचा फोन पाळण्याच्या स्पीकरला जोडला. कुंदन सर घड्याळ बघत म्हणाले, "जोडलंय आबा. आता द्या आरोळी, गर्दी बघा किती झालीय."

"पह्यले वाजू दे. बठ्ठं. सरेलोंग."

म्हणून मग सगळं संपेपर्यंत जत्रेची रांग उभी राहिली आणि रिकाम्या पाळण्यातून आबांचा आवाज यायला लागला. पुढचे गप्प झाले, मागचे "काय झालं, काय झालं" करत होते. धुळ्याच्या एका माणसानं मध्येच ओरडून विचारलं, "पाळणा सुटणार आहे की नाही?" त्याच्याकडे आमच्या गावच्या बायांनी अशा नजरेनं बघितलं की तो आपल्याच बायकोच्या मागे लपला. वनाची बायको द्रौपदाबाई दाराशी नारळ-भंडारा विकते. तिला कमी ऐकू येतं. नावं सुरू झाली तशी ती टोपली ठेवून उठली, गर्दीला कोपरं मारत पाळण्यापाशी आली आणि कुंदन सरांची बाही ओढली.

"मोठा कर रे भो. माले ऐकू नही येत."

कुंदन सरांनी आवाज वाढवला. वनाचा पाय आला तेव्हा ती दाराची दांडी धरून उभी होती. पाळणा अडकल्याचं आलं तेव्हा रांग हसली. मोठ्यानं हसली, अभिमनमामासकट. आबांनी हसू दिलं. मग ओढून आणल्याचं आलं आणि हसणं आपोआप बसलं.

"आखो एक डाव लाव," द्रौपदाबाई म्हणाली.

"मावशी, पॉइंट काय आहे..."

"लाव रे!" रांगेतून कुणीतरी ओरडलं. मग बरेच जण. कुंदन सरांनी लावलं.

दुसऱ्यांदा संपलं तेव्हा आबा पुढे झाले. दाराला हळद लावली, आत मोजून सहा माणसं बसवली, पहिली द्रौपदाबाई. वर तोंड करून जयकार ठोकला. मामानं ह्या वेळी आधी हिरवा दिवा बघितला, मग बटण दाबलं.

पाळणा निघाला. कुंदन सरांनी रुमालानं मान पुसली आणि जरा सैल झाले. "झालं ना आबा मनासारखं? आता तरी हसा एकदा."

आबांनी हळदीचा हात धोतराला पुसला.

"हसाले नही बोलनू मी. हाई बोलणं बदली टाकं ना, तं ध्यान ठेव. दोर आम्ही वर लई गवूत. खाले बी लई येता येस."